व्हिसेऱ्याची बरणी आणि प्रतीक्षेची किंमत

फौजदारी खटला उभा राहिला की न्यायासनावर न्यायाधीश दिसतात, समोर वकील दिसतात, पिंजऱ्यात आरोपी असतो आणि दाराशी पंच व साक्षीदार ताटकळत असतात. ज्या एका वाक्यावर पुष्कळदा निकालाचे पारडे झुकते, ते लिहिणारा माणूस मात्र तेथे सहसा नसतो. त्याचे वाक्य कागदावर येते : ‘वरील नमुन्यांत विष आढळले’ किंवा ‘आढळले नाही’. पोलीस आणि वकील या कागदाला ‘सी. ए. रिपोर्ट’ म्हणतात, सी. ए. म्हणजे ‘केमिकल अ‍ॅनालायझर’, शासनाचा रासायनिक विश्लेषक. त्याने स्वतः न येता त्याचा कागद पुरावा म्हणून वाचता यावा, अशी सोय कायद्यानेच करून ठेवली आहे. १८९८ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत ती कलम ५१० मध्ये होती, १९७३ च्या संहितेत कलम २९३ मध्ये आली आणि आता २०२३ च्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत कलम ३२९ मध्ये आहे. न्यायालय वाटल्यास त्याला बोलावू शकते. पण एरवी तो अदृश्यच राहतो. जो दिसत नाही त्याच्या श्रमाचा हिशोबही कोणी ठेवीत नाही, हा व्यवहाराचा नियम येथेही लागू पडला आहे.

हा विषय रसायनशास्त्रज्ञांचा किंवा कायदेपंडितांचा आहे, अर्थशास्त्र शिकविणाऱ्याने त्यात का पडावे, असा प्रश्न कोणी विचारील. त्याचे उत्तर असे की, प्रयोगशाळेतील निर्णय हा रसायनशास्त्राचा विषय असला, तरी तो निर्णय हाती येईपर्यंतची प्रतीक्षा हा निखळ अर्थशास्त्राचा विषय आहे. आणि वऱ्हाडात या प्रतीक्षेची किंमत ज्यांना मोजावी लागते, ते बहुतेक कोरडवाहू कापसावर जगणारे लोक आहेत.

प्रथम थोडा इतिहास. हिंदुस्थानात शासकीय रासायनिक परीक्षकाची पहिली प्रयोगशाळा १८४९ साली मद्रासला निघाली. त्यानंतर १८५३ मध्ये कलकत्ता, १८६४ मध्ये आग्रा आणि १८७० मध्ये मुंबई येथे अशा प्रयोगशाळा उभ्या राहिल्या. मुंबईच्या प्रयोगशाळेचा ग्रँट मेडिकल कॉलेजशी निकटचा संबंध होता. तेथे रसायनशास्त्र शिकविणारे आयसिडोर लायन हे मुंबई सरकारचे रासायनिक विश्लेषकही होते आणि हिंदुस्थानातील न्यायवैद्यकावर त्यांनी लिहिलेला ग्रंथ दीर्घकाळ प्रमाण मानला गेला. वऱ्हाडचे स्थान या नकाशावर चमत्कारिक होते. १८५३ च्या तहानंतर वऱ्हाडचा कारभार हैदराबादच्या रेसिडेंटाकडे होता. १९०३ मध्ये तो मध्य प्रांताला जोडला गेला. मध्य प्रांताला स्वतःचा रासायनिक परीक्षक नव्हता. आग्र्याला बसणारे ई. एच. हँकिन हे संयुक्त प्रांताबरोबर मध्य प्रांताचेही रासायनिक परीक्षक होते. गंगा-यमुनेच्या पाण्यात पटकीचे जंतू जगत नाहीत हे १८९६ मध्ये प्रसिद्ध करणारे हँकिन ते हेच. १९५६ मध्ये विदर्भ मुंबई राज्यात आला, १९६० मध्ये महाराष्ट्रात, आणि वऱ्हाडचा संबंध मुंबईच्या व नागपूरच्या प्रयोगशाळांशी जडला. अमरावतीला स्वतःची प्रादेशिक न्यायसहायक वैज्ञानिक प्रयोगशाळा मिळाली ती पुष्कळ उशिरा. तोपर्यंत अकोल्याच्या किंवा बुलढाण्याच्या शिपायाला बरणी घेऊन नागपूरची गाडी धरणे प्राप्त होते.

ही बरणी म्हणजे काय, हे सामान्य वाचकाला क्वचितच ठाऊक असते. खेड्यात कोणी संशयास्पद रीतीने मेला की पोलीस पाटील वर्दी देतो, ठाण्यात ‘मर्ग’ दाखल होतो, पंचनामा होतो आणि प्रेत शवविच्छेदनासाठी जाते. विषाचा संशय असल्यास डॉक्टर जठर व त्यातील द्रव्य एका रुंद तोंडाच्या काचेच्या बरणीत ठेवतो. दुसरीत आतड्याचा तुकडा, यकृताचा भाग आणि दोन्ही मूत्रपिंडांचा अर्धा-अर्धा भाग ठेवतो. टिकावे म्हणून त्यावर मिठाचे संपृक्त द्रावण ओततात. बरणी काठोकाठ भरावयाची नाही, कारण आत वायू तयार होतो आणि उन्हाळ्यात बूच उडते. वापरलेल्या मिठाच्या पाण्याचाही वेगळा नमुना द्यावयाचा, नाही तर विष मिठातच होते असे म्हणावयास बचावाचा वकील मोकळा. मग लाखेचे सील, नमुना सील आणि पत्र. हे सर्व घेऊन शिपाई जाणार. प्रत्येक हस्तांतराची सही नोंदवहीत हवी, कारण साखळीतील एक दुवा तुटला तर पुढची सारी मेहनत वाया जाते.

प्रयोगशाळेतील माणसाचा दिवस या बरण्या मोजण्यापासून सुरू होई. गेल्या शतकाच्या साठ-सत्तरच्या दशकांत यंत्रे थोडी होती. काम हात, नाक आणि डोळे यांवर चाले. सील शाबूत आहे का, नमुना सिलाशी जुळते का, चिठ्ठीवरील नाव आणि पत्रातील नाव एकच आहे का, हे आधी पाहावयाचे. मग बरणी उघडावयाची. महिन्या-दोन महिन्यांपूर्वीचे मानवी अवयव असलेली बरणी मे महिन्यात उघडणे म्हणजे काय, याची कल्पना करणे अवघड नाही. रोज आठ-दहा बरण्या उघडणे म्हणजे काय, याची मात्र खरोखर कल्पना येत नाही. अवयवांचे बारीक तुकडे करावयाचे, आम्लमिश्रित अल्कोहोलमध्ये ते जलऊष्मकावर तासन् तास ठेवावयाचे, गाळावयाचे, आटवावयाचे आणि ईथर किंवा क्लोरोफॉर्म यांनी त्यातून विष वेगळे काढावयाचे. ही पद्धत बेल्जियमच्या स्टास या रसायनशास्त्रज्ञाने १८५० च्या एका खून-प्रकरणात निकोटीन शोधताना बसविली. पुढे ऑटोने ती सुधारली आणि ती शंभराहून अधिक वर्षे जगभर चालली. गाळणकागदातून थेंब पडण्याची वाट पाहणे हा या कामाचा मोठा भाग होता.

सोमलासाठी चाचणी मार्शची, १८३६ सालची. जस्त आणि आम्ल यांच्या संयोगाने वायू तयार व्हावा, तो तापलेल्या काचनळीतून जावा आणि नमुन्यात सोमल असेल तर नळीच्या आत काळसर आरसा धरावा. परंतु जस्तातच सोमलाचा अंश असला तर? म्हणून प्रत्येक वेळी नमुन्याशिवाय एक कोरी चाचणी करून पाहावयाची. त्या चाचणीत आरसा दिसला तर रसायने बदलून पुन्हा आरंभ. धोतऱ्याच्या संशयात तर जुन्या काळी अर्काचा थेंब मांजराच्या डोळ्यात टाकीत. बाहुली विस्फारली की धोतऱ्याचे विष असल्याचे प्रमाण मिळे. कपड्यावरील किंवा कुऱ्हाडीच्या पात्यावरील डाग रक्ताचा आहे की गंजाचा की पानाच्या पिंकेचा, हे ठरविण्यास बेंझिडीनचा थेंब टाकीत. निळा रंग आला तर पुढची सूक्ष्मदर्शकाखालची परीक्षा. ते रक्त मानवी की जनावराचे, हा निर्णय कलकत्त्याच्या सेरॉलॉजिस्टकडे जाई. खाटकाच्या सुरीवर रक्त सापडणे आणि शेजाऱ्याच्या सुरीवर सापडणे यांत जो फरक आहे, तो या एका परीक्षेवर अवलंबून असे.

या कामातील धोका कोणाच्या पगारपत्रकात नव्हता. मार्शच्या चाचणीत निघणारा आर्सीन वायू अत्यंत विषारी आहे. त्याच्या संशोधनात जर्मन रसायनशास्त्रज्ञ गेहलेन १८१५ मध्ये प्राणास मुकला. बेंझिडीन मूत्राशयाच्या कर्करोगास कारण होते, म्हणून ब्रिटनने १९६७ मध्ये त्यावर बंदी घातली. मोजनळीने द्रव तोंडाने ओढण्याची पद्धत तर आपल्या सर्वच प्रयोगशाळांत सर्रास होती. प्रयोगशाळा परिचर, प्रयोगशाळा सहाय्यक, वैज्ञानिक सहाय्यक आणि त्यांच्यावर सही करणारा सहाय्यक रासायनिक विश्लेषक अशी ती उतरंड. सही एकाची, बरण्या उघडणारे, धुणारे, गाळणारे हात अनेकांचे. रसायनशास्त्र घेऊन बी. एस्सी. झालेली वऱ्हाडातील मुले या जागांवर लागत. घरी गेल्यावर आधी आंघोळ आणि मग पाण्याचा घोट, असा ज्यांचा रिवाज, त्यांना शेजारीपाजारी ‘सरकारी नोकरीत मजेत आहे’ असे म्हणत.

या मंडळींच्या नोंदवह्या म्हणजे आमच्यासारख्यांच्या दृष्टीने आर्थिक इतिहासाचे अस्सल साधन आहे. माणूस स्वस्त आणि हाताशी असलेले विष वापरतो. म्हणून विषाचा इतिहास हा बाजाराचाही इतिहास असतो. एकोणिसाव्या शतकात सोमल बाजारात सहज मिळे. तो पांढरा, बेचव आणि पिठात मिसळला तर न दिसणारा. म्हणून तो खुनी विषांचा राजा ठरला आणि १९०४ व १९१९ च्या विषविषयक कायद्यांनी त्याच्या विक्रीवर बंधने आणली. धोतरा धुऱ्यावर फुकट उगवतो. वाटसरूला गुंगी देऊन लुटणाऱ्यांचे ते हत्यार होते. कातड्याच्या लोभाने गुरे मारण्याच्या गुन्ह्यांत गुंजेचा लगदा करून केलेल्या सुया जनावराच्या अंगात टोचलेल्या सापडत. जी गुंज सोनाराच्या तराजूत सोने तोलीत होती, तीच गोठ्यात बैलाचा जीव घेत होती. मार लागल्याचा खोटा वळ उठविण्यासाठी बिब्ब्याचे तेल वापरले जाई आणि ते ओळखणे हेही परीक्षकाचे काम होते.

मग शेती बदलली. १९६४ साली संकरित ज्वारी आली, १९७० साली संकरित कापूस ‘एच-४’ आला. अकोल्याला १९६९ मध्ये कृषी विद्यापीठ स्थापन झाले होते. नव्या वाणांबरोबर कीड आली आणि किडीबरोबर औषधांचे डबे घराच्या आढ्याला लटकू लागले. १९५८ मध्ये केरळात फॉलिडॉलने दूषित झालेल्या धान्यातून शंभरावर माणसे मेली. त्याच्या परिणामी १९६८ चा कीटकनाशक कायदा झाला. ‘प्लांट पेनिसिलिन’ या टोपणनावाने ओळखले जाणारे एंड्रिन १९९० मध्ये बंदी येईपर्यंत अनेकांचा काळ ठरले. पुढे मोनोक्रोटोफॉससारखी सेंद्रिय फॉस्फरसयुक्त औषधे आली. सोमल शोधणाऱ्या जुन्या पद्धती या नव्या विषांपुढे अपुऱ्या पडत. येथे आपल्या माणसांनी केलेले काम अभिमान वाटावा असे आहे. काचेच्या पट्टीवर सिलिका जेलचा पातळ थर स्वतः पसरावयाचा, ती भट्टीत सुकवावयाची, अर्काचा ठिपका द्यावयाचा, द्रावक वर चढू द्यावयाचा आणि मग पट्टीवर रसायनाचा फवारा मारून कोणत्या उंचीवर कोणता रंग उमटतो ते पाहावयाचे, अशी ही स्वस्त पद्धत. कोणत्या कीटकनाशकासाठी कोणता फवारा, याचे संशोधन तेव्हाच्या औरंगाबादच्या, म्हणजे आताच्या छत्रपती संभाजीनगरच्या, प्रादेशिक प्रयोगशाळेतील रसायनशास्त्रज्ञांनी १९८० च्या दशकात केले आणि ते इंग्लंडमधील ‘द अ‍ॅनालिस्ट’ या मान्यवर नियतकालिकात प्रसिद्ध झाले. महाग यंत्रे नव्हती म्हणून त्यांचे संशोधन थांबले नाही. आपल्या मातीतील प्रश्नाला आपल्या ऐपतीतील उत्तर शोधणे याला अर्थशास्त्रात सुयोग्य तंत्रज्ञान म्हणतात. त्याचे असे उदाहरण पाठ्यपुस्तकात का नसावे?

‘विष आढळले नाही’ या शब्दांचा अर्थ ‘विष नव्हते’ असा होत नाही, हेही येथे सांगितले पाहिजे. वांत्या-जुलाबांवाटे विष बाहेर गेले असेल, शरीरात त्याचे विघटन झाले असेल, बरणी उशिरा पोचली असेल. सापाचे विष तर जुन्या रासायनिक परीक्षांत सापडतच नसे. प्रामाणिक परीक्षक आपल्या ज्ञानाची मर्यादा ओळखून मोजकेच शब्द लिहितो. कागद वाचणारे मात्र त्याला हवा तो अर्थ लावतात.

आता मूळ प्रश्नाकडे वळतो. प्रयोगशाळेची सेवा पोलीस ठाण्याला फुकट मिळते. जी वस्तू फुकट मिळते तिची मागणी अमर्याद होते आणि किंमत नसल्यामुळे तिचे वाटप रांगेने होते. हे अर्थशास्त्राच्या पहिल्या वर्षात शिकवितात. महाराष्ट्रात ही रांग लांबविण्यास १९४९ च्या मुंबई दारूबंदी कायद्याचा मोठा हात आहे. मोहाची किंवा गुळाची हातभट्टी पकडली की बाटली प्रयोगशाळेत; प्यालेला माणूस पकडला की त्याचे रक्त प्रयोगशाळेत, कारण रक्तातील मद्यार्काचे प्रमाण शेकडा ०.०५ आहे की नाही यावर कायद्याचे गृहीतक उभे आहे. या प्रकरणांतून फार तर किरकोळ शिक्षा निघते. पण बाटली आणि बरणी एकाच दारातून आत येतात, त्याच टेबलावर येतात आणि तोच सहाय्यक दोहोंना हात घालतो. बाटलीने घेतलेला प्रत्येक तास बरणीच्या तासातून वजा होतो. रांगही सर्वांना सारखी नसते. गाजलेल्या खुनाच्या प्रकरणात वरिष्ठांचे पत्र येते, विधिमंडळात प्रश्न निघतो आणि बरणी पुढे सरकते. दर्यापूर किंवा बाळापूर तालुक्यातील एखाद्या विधवेच्या नवऱ्याच्या बरणीला असे पत्र लिहिणारा कोणी नसतो.

आणि तिचीच गरज अधिक निकडीची असते. शेतकऱ्याच्या अपघाती मृत्यूबद्दल शासनाकडून २ लाख रुपये मिळण्याची योजना आज गोपीनाथ मुंडे यांच्या नावाने चालते. फवारणीत किंवा अन्य कारणाने विषबाधा होऊन मृत्यू आला, तर कागदपत्रांत रासायनिक विश्लेषणाचा अहवाल लागतो. आत्महत्या असेल तर ही मदत नाही. म्हणजे प्रयोगशाळेचा कागद येईपर्यंत त्या घराला आपण कोणत्या रकान्यात आहोत हेच ठाऊक नसते. दरम्यान पेरणी येते, सावकार येतो, पोरीच्या शाळेची फी येते. सहा महिन्यांनी मिळालेले दोन लाख हे दोन लाख नसतात. खासगी कर्जावर महिना शेकडा तीनचे व्याज धरले तर छत्तीस हजार रुपये प्रतीक्षेनेच खाल्लेले असतात. दुसरीकडे, सुनेच्या मृत्यूच्या संशयाखाली तुरुंगात असलेली सासू किंवा दीर असतात. ती दोषी असतील तर शिक्षेला विलंब, निर्दोष असतील तर विनाकारण कारावास. हा खर्च कोणत्याही अंदाजपत्रकात दिसत नाही, कारण तो शासनाच्या तिजोरीतून जात नाही, लोकांच्या आयुष्यातून जातो. प्रयोगशाळेची एक रिकामी जागा न भरल्याने जी बचत दिसते, ती वस्तुतः गरिबाच्या खिशातून शासनाने घेतलेली बिनव्याजी उचल आहे.

२०१७ च्या हंगामात यवतमाळ जिल्ह्यात कापसावर फवारणी करताना वीसहून अधिक शेतकरी-शेतमजूर विषबाधेने मेले. अकोला-अमरावतीकडेही विषबाधेच्या घटना झाल्या. शवातील विष शोधणे जितके आवश्यक, तितकेच जिवंत रोग्याच्या रक्तातील कोलिनेस्टरेज वेळेवर मोजणे आवश्यक, हा त्याचा धडा होता. विषाचे ज्ञान प्रयोगशाळेत आहे आणि रोगी रुग्णालयात; दोहोंमधला रस्ता कोणी बांधावयाचा?

आता काळ बदलला, यंत्रे आली, वायुवर्णलेखन आणि वस्तुमान-वर्णपटाच्या साहाय्याने काही तासांत विषाचे नाव कळते, मग जुन्या कष्टांची उजळणी कशाला, असे कोणी म्हणेल. यंत्राने परीक्षा लवकर होते हे खरे. परंतु बरणी उघडणे, सील तपासणे, अर्क काढणे, कोरी चाचणी करणे आणि निष्कर्षाचे शब्द जोखून लिहिणे ही कामे माणसालाच करावी लागतात. यंत्र विकत घेता येते. वीस वर्षे बरण्या हाताळलेला सहाय्यक विकत मिळत नाही. तो घडवावा आणि टिकवावा लागतो.

हा प्रश्न आज अधिकच तातडीचा झाला आहे. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७६ नुसार सात वर्षे किंवा त्याहून अधिक शिक्षेच्या गुन्ह्यांत न्यायवैज्ञानिक तज्ज्ञाने घटनास्थळी जाऊन पुरावा गोळा करावयाचा आहे. त्यासाठी राज्यांना पाच वर्षांपर्यंतची मुदत आहे. हेतू स्तुत्य आहे. परंतु कायद्याने मागणी निर्माण करता येते, पुरवठा नव्हे. गोळा झालेला पुरावा शेवटी त्याच टेबलावर येणार. टेबल तेवढेच राहिले तर आपण न्यायाला वेग न देता रांगेलाच लांबी देऊ.

उपाय अवघड नाहीत. दारूच्या बाटल्यांसाठी वेगळा विभाग आणि वेगळा कर्मचारीवर्ग असावा. विषबाधेच्या बरण्यांशी त्यांची रांग एक असू नये. ज्या प्रकरणात कोणी कोठडीत आहे किंवा कोणा कुटुंबाची मदत अडली आहे, त्याला नियमानेच अग्रक्रम मिळावा, चिठ्ठीने नव्हे. प्रत्येक प्रादेशिक प्रयोगशाळेने किती नमुने आले, किती तपासले, सर्वांत जुना प्रलंबित नमुना किती दिवसांचा आहे, हे दर तिमाहीस जाहीर करावे. रिकाम्या जागा भरताना वैज्ञानिक सहाय्यकाला बढतीचा मार्ग आणि जोखमीचा भत्ता असावा. आणि जुन्या नोंदवह्या रद्दीत न घालता, मृतांची नावे गाळून, आमच्या विद्यापीठांतील संशोधकांना खुल्या कराव्यात. वऱ्हाडच्या शेतीचा एक अलिखित इतिहास त्यांत आहे.

या सर्वाला पैसा लागेल. तो आजही खर्च होतच आहे. फक्त तो शासन देत नाही, तालुक्याच्या कचेरीत सहाव्यांदा हेलपाटा घालणारी बाई देते. तो खर्च ज्याचा आहे त्याच्या खाती लिहिला जावा, एवढीच ही मागणी आहे.